एकशेबारावा दिवस

यलोनाइफच्या वर, छोट्या विमानानं पाऊण तास,
हिऱ्यांच्या खाणीत, खोली क्रमांक सत्तेचाळीस.
पलंग एक, माणसं दोन:
मी रात्रपाळीला, मोडेस्ट दिवसपाळीला.
मी आडवा होतो तेव्हा उशी अजून कोमट असते
आणि तो डंपरवर चढलेला असतो.
सात महिन्यांत भेटलो म्हणाल तर दोनदा,
दोन्ही वेळा दारातच, बूट घालता-काढता.

टीव्हीखाली एक जुना गेम.
बर्फ, झाडं, एक माणूस, आणि जीव एकच.
मेला की सगळं पुसलं जातं, मागे फिरायची सोय नाही.
तो जीव आमच्या दोघांत सामाईक.

मी न्यूफाउंडलंडचा, कॉडच्या गावचा,
झाड म्हणजे होडीचं लाकूड, एवढंच मला ठाऊक.
पहिल्या दिवशी दिसेल ते उचललं:
तीन कुऱ्हाडी, अकरा डबे, एक गिटारसुद्धा,
आणि ओझ्यानं वाकून, घामानं भिजून
चढावर गोठून मेलो. पाठीवर अकरा डबे, सीलबंद.
दुसऱ्यांदा तहानेनं.
चहूकडे बर्फच बर्फ, वितळवायला काडी नाही;
अंधाराला घाबरून रात्री सगळ्या ओढल्या होत्या.

तेव्हा आरशावर पहिली पिवळी चिठ्ठी आली:
‘आधी वारा बघ. मग काडी.’
बस.

पुढे चिठ्ठ्याही थांबल्या. तो गेमच्या आतून बोलू लागला.
मी उघडायचो तर झोपडीत लाकडं रचलेली,
काटक्या वेगळ्या, ओंडके वेगळे,
उंबऱ्यापाशी कुऱ्हाड,
आणि सशांचे सहा फास असून चारच लावलेले.
दोन मोकळे का, हे कळायला महिना लागला:
सगळे आत्ताच खाल्लेस तर
फेब्रुवारीत काय खाशील, बाबा?

शिकलो हळूहळू.
लांडगा दिसला की पळायचं नाही.
मांस खाली टाकायचं, तोंड त्याच्याकडे ठेवून
एकेक पाऊल मागे.
वादळात घर शोधायचं नाही,
असशील तिथे आडोसा शोधायचा.
भुकेल्या पोटी शिकारीला जायचं नाही;
हे आईही म्हणायची, दुकानात जाण्याबद्दल.

एकदा आम्ही उत्तरेची झोपडी कायमची सोडली.
बघतो तर चुलीशेजारी त्यानं
तीन ओंडके आणि एक काडी ठेवलेली.
मी चिठ्ठी लिहिली: ‘इथे परत कोण येणारे?’
उत्तर आलं: ‘कोणी नाही. सवय आहे.’
तो त्लिचो लोकांतला, आजोबा सापळे लावायचे,
हे मला स्वयंपाकघरातल्या सेलेस्टीननं नंतर सांगितलं.

एकशेबारावा दिवस.
एक अस्वल मारून झालं होतं, कातडं वाळत होतं.
दुसरं नदीपलीकडे दिसलं.
गरज नव्हती.
बर्फ पातळ होता, करकरला,
मी ऐकलं ते, ऐकलं नाही असं नाही,
पण वाटलं, अजून दहा पावलं.

काळा पडदा. मग मेनू, तेच मंद संगीत,
जणू कोणी गेलंच नाही.

तीन चिठ्ठ्या फाडल्या. चौथीवर लिहिलं:
‘माझी चूक. हाव.’
आणि बारा तास ड्रिल चालवत राहिलो.
त्या सगळ्या गडगडाटात
कानात एक पातळ करकर.

सकाळी आलो. आरसा रिकामा. चिठ्ठी नाही, उत्तरही नाही.
टीव्ही लावला:
नवा जीव. तिसरा दिवस. तळ्याकाठची झोपडी.
पेटीत तीन काड्या, पीचचा डबा, न उघडलेला.
चुलीत सहा तास पुरेल एवढं लाकूड,
आणि आमचा माणूस दाराकडे तोंड करून उभा.

मी कंट्रोलर खाली ठेवला.
मग दिसलं: खोलीतल्या हीटरवर
माझे कालचे ओले मोजे,
आतली बाजू बाहेर करून
वाळत घातलेले.